जाळ्यावाचून चाललेला खेळ



ज्या व्यासपीठावरून संतवाङ्मय, शेतीचे अर्थकारण आणि राज्यघटना यांवर विद्वानांनी बोलावे, तेथे संगणकावरच्या खेळांचा इतिहास सांगावयास एक गृहस्थ उभा राहतो, हे काहींना व्याख्यानमालेचे वय झाल्याचे लक्षण वाटेल, तर काहींना व्याख्यात्याचे. दोन्ही आक्षेप मी मान्य करतो. परंतु न्यायमूर्ती रानडे यांनी १८७५ साली पुण्यात वसंत व्याख्यानमाला सुरू केली, तेव्हा लोकांच्या रोजच्या जगण्यात जे नवे येत आहे त्याची चिकित्सा चारचौघांत व्हावी, हाही तिचा एक हेतू होता. आज आपल्या घरातील मुलांचा किती वेळ कोठे जातो हे पाहिले, म्हणजे हा विषय क्षुद्र आहे असे म्हणावयास जीभ धजत नाही.

विषय मला सुचला तो एका प्रसंगामुळे. १२ आणि १३ नोव्हेंबर २०२१ या दोन दिवशी अमरावतीत जे घडले ते येथे बसलेल्या अनेकांना ठाऊक आहे. त्याची उजळणी करण्याचे प्रयोजन नाही. संचारबंदी लागली आणि पाठोपाठ इंटरनेट बंद झाले. मी त्या दिवसांत अमरावतीस एका नातलगांकडे अडकून पडलो होतो. घरात बारा-तेरा वर्षांचा एक मुलगा. त्याच्या मोबाइलमध्ये खेळ चिकार. पण एकेक उघडावा तो पडद्यावर एक वर्तुळ गरगर फिरत राही आणि शेवटी ‘जोडणी नाही’ अशी पाटी येई. संध्याकाळपर्यंत मुलगा रडकुंडीस आला. तेव्हा त्याची आजी म्हणाली, “अरे, तुह्या मोबाइलात तो लुडो होता ना?” लुडो उघडला आणि चालू झाला. एकच मोबाइल सतरंजीवर मध्ये ठेवून आम्ही चौघे बसलो. पहिल्या डावात आजी हरल्या. दुसऱ्यात त्यांनी आम्हा तिघांच्याही सोंगट्या मारल्या. मुलगा मात्र डाव सोडून त्या यंत्राकडेच पाहत होता. तो म्हणाला, “नेट तं बंद हाय. मग हा कसा काय चालून राह्यला?”

आजचे व्याख्यान म्हणजे त्या प्रश्नाचे लांबलेले उत्तर आहे असे समजावे.

कोणत्याही खेळास तीन गोष्टी लागतात : साधन, नियम आणि गडी. विटीदांडूत साधन म्हणजे बाभळीचा एक दांडका, नियम गल्लीने ठरविलेले आणि गडी शेजारचे. सारीपाटात साधन म्हणजे कापडी पट, कवड्या किंवा फासे आणि सोंगट्या. नियम आजीच्या डोक्यात. या तिन्ही गोष्टी खेळणाऱ्यांच्या आवाक्यात होत्या. खेळ बंद पाडावयाचा तर मुलांचे कान धरून त्यांना घरी न्यावे लागे. दूरदेशी बसलेल्या कोणालाही तो बंद करता येत नसे.

अशा बिनमालकीच्या खेळांचे मोल आपल्या अमरावतीने फार लवकर ओळखले. श्री हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाची स्थापना १९१४ सालची. वैद्य बंधूंनी लावलेल्या या रोपट्याचा वृक्ष झाला आणि १९३६ साली बर्लिनला ऑलिंपिक सामने भरले असता मंडळाच्या पथकाने तेथे भारतीय खेळांची प्रात्यक्षिके करून दाखविली. ज्या खेळांना ना यंत्र लागे ना परवाना, ते खेळ वऱ्हाडच्या तरुणांनी अंगात घेऊन समुद्रापार नेले. ही गोष्ट आपण अभिमानाने सांगतो. तिचा आजच्या विषयाशी संबंध पुढे कळेल.

आता संगणकाकडे वळू. पुष्कळांचा असा समज असतो की, इंटरनेट आले आणि मग त्यावर खेळ आले. इतिहासाचा क्रम याच्या उलट आहे. १९५८ साली अमेरिकेतील ब्रूकहेवन येथील प्रयोगशाळेत विल्यम हिगिनबॉथम या पदार्थवैज्ञानिकाने, प्रयोगशाळा पाहावयास येणाऱ्या लोकांना कंटाळा येऊ नये म्हणून, ऑसिलोस्कोपच्या पडद्यावर टेनिसचा एक खेळ मांडला. १९६२ साली मॅसॅच्युसेट्सच्या तंत्रविद्यापीठात स्टीव्ह रसेल व त्याच्या सोबत्यांनी पीडीपी-१ या संगणकावर दोन अवकाशयानांचे युद्ध रचले. त्याची कोणी किंमत लावली नाही. ज्याच्याजवळ तसला संगणक असे तो ते उतरवून घेई. दूरदूरच्या संगणकांना एकमेकांशी जोडणारे आर्पानेट, म्हणजे आजच्या इंटरनेटचा पूर्वज, १९६९ साली सुरू झाले. म्हणजे खेळ आधी आणि जाळे मागाहून. १९७२ साली अटारी कंपनीचे ‘पाँग’ निघाले, १९७८ साली जपानात ‘स्पेस इन्व्हेडर्स’ आणि १९८० साली ‘पॅकमॅन’. या सर्वांत साधन एका पेटीत, नियम त्याच पेटीत, आणि गडी कधी शेजारी उभा तर कधी पेटीतच. यंत्र स्वतःच गडी झाले, ही त्यातील खरी नवलाई होती. एकट्या माणसाला पत्त्यांचा डाव मांडता येई, पण समोरून डावपेच करणारा प्रतिस्पर्धी त्याला प्रथमच मिळाला.

आपल्या देशात या वस्तू यावयास वेळ लागला. आयातीवर बंधने होती आणि जकात जबर. १९८२ साली दिल्लीतील आशियाई सामन्यांच्या निमित्ताने दूरदर्शन रंगीत झाले आणि त्यापुढील काही वर्षांत दूरचित्रवाणीचा संच मध्यमवर्गाच्या बैठकीत येऊन बसला. ही गोष्ट लक्षात ठेवावयास हवी, कारण खेळाच्या पेटीला पडदा लागतो आणि तो पडदा ‘रामायण’ व ‘महाभारत’ या मालिकांच्या निमित्ताने घरोघर आयता आला होता. १९८४ साली केंद्र सरकारने शाळांतील संगणक साक्षरतेची योजना काढली. तीत सुमारे अडीचशे शाळांना ब्रिटिश बनावटीच्या नमुन्याचे बीबीसी संगणक मिळाले. १९८६ साली पुण्याच्या डेसिबेल्स या कंपनीने इंग्लंडच्या सिंक्लेअर कंपनीचा स्पेक्ट्रम संगणक परवान्याने भारतात आणला. घरातील दूरचित्रवाणीला तो जोडावयाचा आणि गाण्याच्या कॅसेटसारख्याच कॅसेटवर मिळणारा खेळ टेपरेकॉर्डर लावून त्यात भरावयाचा. भरताना टेपमधून जो कर्कश आवाज येई तोच तो खेळ : शून्य आणि एक या दोन अंकांचे ध्वनीत केलेले रूपांतर. पाच-पाच मिनिटे तो आवाज ऐकावा, आणि शेवटी कोठे टेप चिरकली तर पुन्हा आरंभापासून सुरुवात करावी. धीराचे शिक्षण म्हणून या यंत्राची शिफारस कोणी केली नाही, याचे मला आश्चर्य वाटते.

तथापि वऱ्हाडात संगणकाचा खेळ खऱ्या अर्थाने पोहोचला तो संगणकाच्या नावाने नव्हे. तो ‘टीव्ही गेम’ म्हणून आला. जपानच्या निंटेंडो कंपनीने जुलै १९८३ मध्ये ‘फॅमिली कॉम्प्युटर’ नावाची पेटी काढली. तिच्या नकला पुढे आशियाभर निघाल्या आणि सामुराई, मीडिया, लिटल मास्टर अशा नावांनी त्या जातीच्या पेट्या आपल्याकडे मिळू लागल्या. मुंबईहून नागपूरकडे जाणारा लोहमार्ग अकोल्यावरून आणि बडनेऱ्यावरून जातो. एके काळी याच मार्गाने वऱ्हाडचा कापूस मुंबईस जाई. आता परतीच्या प्रवासात लॅमिंग्टन रोडचा माल येऊ लागला. कापसाचे पैसे हाती आले आणि दिवाळी तोंडावर असली, की एखाद्या घरी ती पेटी येई आणि त्या घराची पायरी मुलांच्या चपलांनी झाकून जाई.

ज्यांच्या घरी पेटी नव्हती त्यांच्यासाठी दुकान होते. अकोल्याचा उन्हाळा मी आपणांस सांगावा असे नाही. मे महिन्यात पारा पंचेचाळीस अंशांच्या पलीकडे जातो आणि दुपारी बारा ते पाच रस्त्यावर चिटपाखरू दिसत नाही. मैदानावर जावयाची सोय नाही, शाळेस सुटी, आणि घरात मोठी माणसे कूलरपुढे झोपलेली. अशा वेळी आमच्या वस्तीतील एका दुकानात, सायकली भाड्याने देणाऱ्या माणसाने मागच्या खोलीत दोन संच मांडले होते. सायकल तासाने मिळे तसाच खेळही तासाने मिळे. खोलीत एक पंखा, दोन बाकडी आणि पंधरा मुले. दोघे खेळत आणि तेरा सल्ला देत. “अबे, उडी मार, उडी!” “आता माहा नंबर हाय बे!” असा गलका चाले. मारिओ या मिशाळ प्लंबरची उडी चुकली, की सबंध खोली हळहळे. पुढे मी पुष्कळ सभागृहे पाहिली, पण एकाच गोष्टीवर इतके एकचित्त झालेले श्रोते क्वचितच पाहिले. आजच्या सभेला मी अपवाद समजतो.

त्या पेटीचे कार्य कसे चाले हे थोडक्यात सांगतो, कारण त्या मुलाच्या प्रश्नाचे अर्धे उत्तर त्यात आहे. आम्ही जिला ‘कॅसेट’ म्हणत असू तीत फीत नव्हती. आत एक लहानशी पट्टी आणि तीवर न पुसली जाणारी स्मृती असलेल्या चिपा. १९८५ सालचा ‘सुपर मारिओ ब्रदर्स’ हा खेळ अवघ्या ४० किलोबाइटांत मावला होता. आज मोबाइलवर काढलेले एक साधे छायाचित्र त्याच्या कितीतरी पट जागा घेते. तेवढ्या जागेत बत्तीस टप्पे, त्यांतील ढग, नळ, कासवे, संगीत आणि नियम सारे सामावलेले असे. ढग आणि झुडूप यांची आकृती एकच. एकाला पांढरा रंग दिला आणि दुसऱ्याला हिरवा. असा संसार करणाऱ्या माणसांना काटकसर कोणी शिकवावयास नको होती. पट्टीच्या कडेला पितळी दात असत. ते खाचेत नीट बसले नाहीत की पडदा लुकलुके. मग कॅसेट काढून तीत फुंकर मारावयाची आणि पुन्हा बसवावयाची, हा विधी मुंबईपासून मेळघाटापर्यंत एकच होता आणि अमेरिकेतही तोच होता. वस्तुतः गुण येई तो फुंकरीने नव्हे. काढून पुन्हा बसविल्याने दात जागेवर येत. फुंकरीतील ओलाव्याने धातू उलट गंजे. पण मंत्राचे श्रेय औषधाला देण्याइतका विवेक दहाव्या वर्षी कोणाला असतो?

मुद्दा असा की, एकदा कॅसेट हाती आली की तो खेळ आपला होता. ती कोणाला उसनी द्यावी, दोन कॅसेटींच्या बदल्यात एक घ्यावी, विकावी किंवा माळ्यावर टाकून वीस वर्षांनी काढावी. विचारणारे कोणी नव्हते.

येथे थोडे थांबून त्या काळाचा हिशेब प्रामाणिकपणे मांडला पाहिजे. म्हाताऱ्या माणसाची स्मृती मुरंब्यासारखी असते. आंबटपणा तिच्यात उरत नाही. त्या खोलीत एकही मुलगी नव्हती. मुलींनी तेथे येऊ नये असा फलक नव्हता, पण फलकाची गरजही नव्हती. त्या खेळल्या त्या घरी पेटी आली तेव्हाच, आणि भावाचे खेळून झाल्यावर. ज्यांच्याजवळ तासाचे पैसे नव्हते ती मुले दाराच्या फटीतून पाहत. दुसरी गोष्ट : त्या पेट्यांतील आणि कॅसेटींतील बहुतेक माल नकली होता. ‘एकात नऊशे नव्याण्णव खेळ’ अशी चिठ्ठी लावलेल्या कॅसेटीत मोजून सात-आठ खेळ असत आणि तेच नावे बदलून पुन:पुन्हा येत. ज्या जपानी कारागिरांनी ते खेळ रचले त्यांना आमच्या तासाच्या पैशांतून कवडीही मिळाली नाही. ‘खेळ आमच्या मालकीचा होता’ असे मी म्हणतो तेव्हा ती मालकी पुष्कळदा चोरीच्या मालाची होती, हेही त्याच दमात सांगितले पाहिजे.

पेटीच्या बरोबरीनेच दुसरा एक प्रवाह वाहत होता तो महाविद्यालयांचा. १९८३ हे वऱ्हाडच्या शिक्षणाच्या इतिहासातील मोठे साल. त्या वर्षी अमरावती विद्यापीठ स्थापन झाले, आणि त्याच सुमारास बडनेरा, शेगाव व अकोल्याजवळ बाभुळगाव येथे खासगी अभियांत्रिकी महाविद्यालये उघडली. पुढील दहा वर्षांत त्यांच्या प्रयोगशाळांत संगणक आले. चपला बाहेर काढून आत जावे, यंत्रासाठी वातानुकूलन आणि विद्यार्थ्यांसाठी वेळापत्रक, असा तो थाट होता. शिकविणारे पाठमोरे झाले की काळ्या पडद्यावर ‘प्रिन्स ऑफ पर्शिया’ मधील राजपुत्र धावू लागे. १९८९ सालचा हा खेळ जॉर्डन मेक्नर या तरुणाने एकट्याने रचला होता. आपल्या धाकट्या भावाची धाव आणि उड्या चित्रफितीवर घेऊन, त्यांवरून त्याने राजपुत्राच्या हालचाली बेतल्या. तो आमच्यापर्यंत आला फ्लॉपीवरून, वहीच्या पानांत घालून, एसटीच्या गाडीतून. सोबत कधी विषाणूही येई. १९८६ साली लाहोरच्या दोन भावांनी रचलेला ‘ब्रेन’ हा विषाणू अशाच फ्लॉपींवरून जगभर गेला होता. म्हणजे जाळे नव्हते असे नाही. माणसे हेच जाळे होते.

याच मार्गाने एक खेळ जगात सर्वांहून दूर गेला. मॉस्कोच्या विज्ञान अकादमीच्या संगणक केंद्रात अलेक्सेई पाजित्नोव याने १९८४ साली ‘टेट्रिस’ रचला. वरून पडणाऱ्या ठोकळ्यांच्या ओळी लावावयाच्या, एवढाच खेळ. तो फ्लॉपीवरून हातोहात सोव्हिएत देशाबाहेर पडला. त्याचे हक्क सरकारकडे गेले आणि कर्त्याला त्याच्या हक्काचे उत्पन्न मिळू लागले ते १९९६ नंतर. बिनजोडणीच्या खेळाच्या इतिहासात कर्त्याचा तोटा आणि खेळणाऱ्याचा लाभ असे हे जोडगाणे वारंवार ऐकू येते.

१५ ऑगस्ट १९९५ रोजी विदेश संचार निगमने भारतात सर्वसामान्यांसाठी इंटरनेट खुले केले. आरंभी ते महानगरांपुरते होते. आपल्याकडे सायबर कॅफे दिसू लागले ते त्या शतकाच्या अखेरीस. तेथील गंमत अशी की, बाहेरची जोडणी मंद आणि महाग, म्हणून दुकानदाराने आतील आठ-दहा संगणक एकमेकांना तारेने जोडले. याला ‘लॅन’ म्हणत. ‘एज ऑफ एम्पायर्स’ आणि ‘काउंटर स्ट्राइक’ हे खेळ या तारेवर रंगले. आपण ज्याच्यावर गोळी झाडली तो तिसऱ्या खुर्चीवर बसून शिव्या देत असे, आणि खेळ संपल्यावर त्याच्यासोबतच चहा प्यावयाचा असे. २००१ साली महाराष्ट्र ज्ञान महामंडळ निघाले आणि त्याच्या एमएस-सीआयटी अभ्यासक्रमाने तालुक्याच्या गावांतही संगणकाचे वर्ग आले. त्या वर्गांत कित्येक गृहिणींनी आणि कारकुनांनी माऊस प्रथम हाती धरला, आणि हात बसावा म्हणून पत्त्यांचा ‘सॉलिटेअर’ मांडला. त्या खोलीत मुली आणि बायका होत्या, ही नोंद मी मुद्दाम करतो.

याच वर्षांत भारनियमनाचा फेरा आला. पारसचे वीजकेंद्र अकोला जिल्ह्यात, आणि अंधारही अकोला जिल्ह्यातच. संगणक बंद, दूरचित्रवाणी बंद. अशा रात्री नोकियाचा ११०० हा २००३ सालचा मोबाइल दोन कामे करी : त्याची विजेरी लावून भाकरी वाढता येई आणि त्यावर सापाचा खेळ खेळता येई. साप भिंतीला लागू द्यावयाचा नाही आणि स्वतःच्या शेपटीला तोंड लावू द्यावयाचे नाही. त्या खेळाला ना वीज तत्काळ लागे ना जाळे. खाटेवर पडून तो खेळलेल्या पिढीला आज चाळिशी आली आहे.

मग ५ सप्टेंबर २०१६ रोजी जिओची सेवा सुरू झाली, डेटा स्वस्त झाला आणि सारे चित्र पालटले. दर्यापूरचा मुलगा एकाच वेळी ब्राझीलच्या आणि बिहारच्या मुलांशी खेळू लागला. मी याला वाईट म्हणणार नाही. गल्लीत ज्याला कोणी डावात घेत नव्हते त्याला जगात गडी मिळाले. मुलींना नाव झाकून, कोणाची परवानगी न मागता खेळता येऊ लागले. कर्त्याला मोबदला मिळू लागला. मागे मी जे दोष सांगितले त्यांतील कित्येक या जोडणीने दूर केले, हे मान्य करणे हा साधा न्याय आहे.

पण त्याबरोबर आणखी एक गोष्ट झाली आणि ती कोणाच्या ध्यानात आली नाही. गडी तर दूर गेलाच; त्याच्या मागोमाग साधन आणि नियमही दूर गेले. खेळाचा थोडासा भाग आपल्या मोबाइलवर, आणि उरलेला दूर कोठेतरी कंपनीच्या संगणकांवर. ‘पबजी मोबाइल’ हा खेळ २०१८ साली आला आणि वऱ्हाडच्या खेड्यापाड्यांत गेला. २ सप्टेंबर २०२० रोजी सरकारने त्यावर बंदी घातली आणि ३० ऑक्टोबरला कंपनीने भारतातील सेवा थांबविली. बंदी योग्य की अयोग्य हा प्रश्न निराळा. मला दिसते ते हे की, पारावर, गोठ्यात आणि वसतिगृहात चाललेला खेळ एका दिवसात सर्वत्र थांबला आणि कोणाच्या हाती काहीही उरले नाही. अशा रीतीने विटीदांडू आजवर कोणाला थांबविता आला नव्हता.

वऱ्हाडच्या माणसाला ही स्थिती समजावून देण्यास दूर जावयास नको. यवतमाळ, मूर्तिजापूर आणि अचलपूर यांना जोडणारी आपली शकुंतला रेल्वे आठवा. विसाव्या शतकाच्या आरंभी एका ब्रिटिश कंपनीने ती कापसासाठी बांधली. रूळ आपल्या शेतांतून गेले, डब्यांत बसणारी माणसे आपली, शिटी ऐकून घड्याळ लावणारी गावेही आपली; पण देश स्वतंत्र झाल्यावरही कितीतरी वर्षे तिची मालकी त्या कंपनीकडेच राहिली आणि वापराचे पैसे भारतीय रेल्वेने भरले. रोज वापरल्याने वस्तू आपली होत नाही. शकुंतलेने शिकविलेला हा धडा मोबाइलवरच्या खेळासही लागू पडतो.

पैसे मोजून घेतलेल्या खेळाचीही हीच गत आहे. युबिसॉफ्ट या फ्रेंच कंपनीचा ‘द क्रू’ हा मोटारशर्यतीचा खेळ लोकांनी विकत घेतला होता. ३१ मार्च २०२४ रोजी कंपनीने त्याचे संगणक बंद केले आणि एकट्याने खेळावयाचा भागसुद्धा निर्जीव झाला. त्यावरून युरोपात चळवळ उभी राहिली आणि २०२५ साली तिच्या अर्जावर दहा लाखांहून अधिक लोकांनी सह्या केल्या. मागणी साधी होती : विकलेला खेळ कंपनीने सोडून दिल्यावरही खेळता येईल असा ठेवून जा. कॅलिफोर्निया राज्याने कायदा केला की, जेथे मालकी मिळत नसून केवळ वापराची परवानगी मिळते, तेथे विक्रेत्याने तसे स्पष्ट सांगितले पाहिजे. आपल्याकडेही २०२५ साली पैशांच्या ऑनलाइन खेळांना मनाई करणारा कायदा झाला. पैशाच्या नादाने घरे बुडत होती, म्हणून तो झाला. परंतु विकत घेतलेला खेळ कोणाचा, हा प्रश्न आपण अजून नीट विचारलेलादेखील नाही.

इतिहासाचा विद्यार्थी म्हणून मला याची चिंता वेगळ्या कारणाने वाटते. १९३६ सालच्या बर्लिनच्या पथकाचे खेळ आजही पाहावयास मिळतात, कारण ते माणसांच्या अंगात उतरले. सायकलवाल्याच्या दुकानातील कॅसेट आज सापडली तर पुष्कळदा ती चालते. फ्लॉपी मात्र बुरशीने आणि दमट हवेने जाते, हे खरे. म्हणजे जवळ असणे हीसुद्धा टिकण्याची हमी नव्हे. पण जवळ असलेली वस्तू वाचविण्याचा प्रयत्न तरी करता येतो. जी वस्तू कधी आपल्याजवळ नव्हतीच, तिचा इतिहास कोणत्या दप्तरातून लिहावयाचा? २०१८ ते २०२० या काळात वऱ्हाडची मुले काय खेळत होती, हे पुढील पिढीला चित्रफितींवरून पाहता येईल. स्वतः खेळून पाहता येणार नाही.

आता त्या रात्रीच्या लुडोकडे परत येतो. तो कसा काय चालला? सोंगट्या आणि कवड्यांचा आपला पचिशीचा खेळ इंग्रजांनी येथे पाहिला. इंग्लंडात त्याचे सोपे रूप करून, कवड्यांच्या जागी फासा ठेवून, १८९६ साली ‘लुडो’ या नावाने त्याचे पेटंट घेण्यात आले. तो पुठ्ठ्यावर छापून परत आपल्याकडे आला आणि आपण तो विलायती म्हणून विकत घेतला. २०१६ साली नवी मुंबईच्या एका कंपनीने ‘लुडो किंग’ या नावाने तो मोबाइलवर आणला. २०२० च्या टाळेबंदीत तो घरोघर पोहोचला. त्याच्या कर्त्यांनी त्यात एक सोय ठेवली : जोडणी असेल तर परमुलखातील माणसाशी खेळा, नसेल तर यंत्राशी खेळा, किंवा एकच मोबाइल चौघांत फिरवा. पट, फासा आणि नियम हे सारे मोबाइलच्या आत होते. गडी सतरंजीवर होते. म्हणून तो चालला. त्या मुलाला मी हे सांगितले तेव्हा तो क्षणभर विचार करून म्हणाला, “म्हणजे बाकीचे माह्याजवळ नव्हतेच?” मला त्याच्या वयात इतके कळले नसते.

मे २०२३ मध्ये अकोल्यातही दंगल झाली आणि तेथेही इंटरनेट बंद झाले. असे दिवस पुन्हा येऊ नयेत, आणि ते येऊ न देणे हे मोबाइलपेक्षा आपल्या हातात अधिक आहे. परंतु जोडणी तुटावयास दंगलच लागते असे नाही. वादळ पुरते, थकलेले बिल पुरते, कंपनीचा बदललेला विचारही पुरतो. म्हणून मुलाला खेळ घेऊन देताना किंमत विचाराल तेव्हा आणखी एक प्रश्न विचारावा : नेट नसताना हा चालेल काय? आणि माळ्यावर एखादी जुनी पेटी, कॅसेटींचा डबा किंवा फ्लॉपींचा पुडा असेल, तर तो भंगारवाल्यास देण्यापूर्वी एखाद्या महाविद्यालयास किंवा वाचनालयास विचारून पाहावे. जुन्या पोथ्यांच्या बाबतीत आपल्या वडिलांनी जी चूक केली ती आपण कॅसेटींच्या बाबतीत करू नये. आमच्या त्या सायकलवाल्याचे दुकान आता नाही. तेथे मोबाइलच्या रिचार्जचे दुकान आहे. त्याच्या दोन पेट्यांचे काय झाले, हे मी अद्याप शोधतो आहे. आपणांपैकी कोणास ठाऊक असेल, तर सभा संपल्यावर मला अवश्य भेटावे.